गाणाऱ्या ढगांचा धर्म रचायचाय? आधी कपडे कधी सुकतात ते ठरवा

फँटसी लिहिताना गाणारे ढग घ्यायचा मोह सगळ्यांनाच होतो, आणि मग बहुतेक जण मी केली तीच चूक करतात. ढग गायले, लोकांनी हात जोडले, सगळे भारावले, झालं. माझा पहिला चॅप्टर मी माशेलच्या मावसबहिणीला वाचायला दिला, तिने दोन पानं वाचून विचारलं, "सगळं बरं गो, पण ह्या गावात कपडे सुकतात कधी?" मी गप्प. ढग बारा महिने डोक्यावर गातायत म्हटल्यावर भात सडणार, भिंतींना बुरशी येणार, आणि ह्यातलं एक अक्षर मी लिहिलं नव्हतं.

म्हणून आधी ढग कधी येतात आणि कुठे अडतात ते ठरवा. आपल्या गोव्यात वर्षाला साधारण ३००० मिलिमीटर पाऊस, तोही जवळजवळ सगळा जून ते सप्टेंबर, कारण समुद्रावरची ओली हवा सह्याद्रीला अडते, वर चढते, थंड होते नि बरसते. तुमच्या जगातही ढगांना अडायला काहीतरी द्या. जिथे अडतात तिथे देऊळ, बाकी विचार करायची गरजच पडत नाही.

आता आवाज, कारण खरी गंमत इथेच आहे. आवाज सेकंदाला साधारण ३४० मीटर जातो, म्हणजे दोन किलोमीटर वर असलेल्या ढगाचा सूर खाली पोचायला सहा सेकंद लागतात. आणि ढग काय एका जागी बसून गात नाही, वारा ताशी ३० किलोमीटर धरला तर १५ किलोमीटरवरच्या गावावर तो अर्ध्या तासाने पोचेल, तोवर गाणं पुढे गेलेलं असणार. म्हणजे एका गावाला मुखडा ऐकू येतो, पुढच्याला अंतरा, आणि अख्खं गाणं कुणालाच माहीत नाही! मी ह्यावरच सगळा धर्म उभा केला. प्रत्येक गाव आपली ओळ जपतं, दुसऱ्याला सांगत नाही, वर्षातून एकदा सगळे मांडावर, म्हणजे गावाच्या गाण्या-नाचण्याच्या पवित्र जागेवर, जमतात आणि क्रमाने गातात, आणि एखादं गाव रुसून आलं नाही तर त्याच्या ओळीपुरतं सगळे गप्प उभे राहतात. शिगम्याला, म्हणजे आमच्या होळीच्या सणाला, मांडावर नमन झाल्याशिवाय गाणाऱ्या-नाचणाऱ्यांचा मेळ हलत नाही हे ज्याने पाहिलंय त्याला हे समजावून सांगावं लागत नाही.

नुसतं ऐकणं पुरेसं नाही, लोकांनी उत्तरही द्यायला पाहिजे. (आमच्या केरीच्या गायिका केसरबाई केरकरांची भैरवी १९७७ मध्ये व्हॉयेजर यानातल्या तबकडीवरून पार सूर्यमालेबाहेर निघाली, मग ढगापर्यंत आवाज जाणं काय कठीण.) उत्तराला वाद्य हवं, आणि त्या वाद्याला अडचण हवीच. घुमटच बघा ना. मातीचं मडकं, एका तोंडाला कातडं, चतुर्थीच्या दिवसांत हवा इतकी दमट की कातडं सर्दावतं, ढप ढप वाजायला लागतं, मग आरतीआधी कुणीतरी ते निखाऱ्यावर धरून शेकवतो, बोटाने टिचकी मारून बघतो, परत धरतो. आता हे उचलून तुमच्या जगात ठेवा. ढग आला की वाद्य बसतं, म्हणजे नेमकं हवं तेव्हा वाजत नाही, म्हणजे विस्तव पाहिजे, म्हणजे चार महिने सुकं लाकूड सांभाळणारं एक घर पाहिजे, आणि त्या घराला मान मिळणारच. मान आला की भांडण आलं. आमच्याकडे कुठल्याही देवळात जा, देवाबद्दल वाद फारसा नसतो, पहिला नारळ कुणाचा ह्यावर असतो.

पंथ फोडायचा असेल तरी कातडंच धरा. घुमटाला पूर्वी घोरपडीचं कातडं असायचं, १९७२ च्या वन्यजीव कायद्याने घोरपडीला संरक्षण आहे, आता बकऱ्याचं लावतात. तुमच्या जगात असं काही बदललं की निम्मे म्हणतील ढगाला हा आवाज ओळखूच येत नाही, आणि निम्मे म्हणतील आला ना पाऊस, मग? असा वाद दोनशे वर्षं चालतो.

ढगाला प्रश्न विचारायची सोयही ठेवा. आपण मूर्तीला पाकळ्या लावून प्रसाद घेतो, उजवी पडली तर होय, तसं काहीतरी साधं. मंत्रबिंत्र नको, वाचक कंटाळतो.

नावं घरगुती ठेवा. रोज ढगाखाली राहणारा माणूस त्याला गुरासारखंच नाव देणार. माझ्याकडे खर्ज्या आहे, रड्या आहे, आणि मुका. मुका गात नाही, बरसतही नाही, पुजारी म्हणतात मोठा अपशकुन, दारं लावून घरात बसा, तोंडातून शब्द काढू नका. लोक बसतात, शब्दही काढत नाहीत, पण त्या दिवशी मागच्या अंगणातली एकही दोरी रिकामी नसते. बहिणीला हा चॅप्टर पाठवला तर नुसता अंगठा आला.