बनावट पदवीवर सनद घेतलेल्या वकिलाविरुद्ध तक्रार कशी करावी

अशा तक्रारी बहुतेक वेळा रखडतात त्या चुकीच्या कलमामुळे. अधिवक्ता अधिनियम, १९६१ मध्ये यासाठी दोन वेगळी दारे आहेत. सनद, म्हणजे वकिलीचा परवाना, घेतानाच खोटी गुणपत्रिका किंवा पदवी जोडली असेल, तर कलम २६(१) चे परंतुक (कलमाला जोडलेली तरतूद) लागू होते. त्यानुसार संबंधिताचे म्हणणे ऐकून वकिलांच्या पटावरून (नोंदणी यादीतून) नाव काढण्याचा अधिकार भारतीय बार कौन्सिलला, म्हणजे वकिलांच्या देशपातळीवरील नियामक संस्थेला, आहे, राज्याच्या कौन्सिलला नाही. सनद रीतसर मिळवलेली आहे, पण पाटीवर किंवा लेटरहेडवर न मिळवलेली पीएचडी मिरवली, बँकेच्या पॅनेलसाठी खोटे प्रमाणपत्र दिले, तर ते गैरवर्तन. त्यासाठी कलम ३५ आणि राज्याची शिस्तपालन समिती. शंका असेल तर राज्याच्या कौन्सिलकडे द्यायच्या अर्जाच्या मागणीत दोन्ही लिहा: प्रकरण कलम २६ खाली भारतीय बार कौन्सिलकडे पाठवावे, पर्यायाने कलम ३५ खाली चौकशी करावी.

तक्रारीआधी आणखी एक फरक तपासा. पदवी खरी, पण अपात्र, असेही घडते. दहावी-बारावी न करता थेट मुक्त विद्यापीठाची पदवी घेऊन एलएलबी केलेला माणूस २००८ च्या विधी शिक्षण नियमांनुसार अपात्र ठरू शकतो, पण त्याने बनावटगिरी केलेली नसते. त्याला 'बोगस' म्हणत सुटलात तर अब्रुनुकसानीची नोटीस तुम्हालाच येईल.

पुरावा गोळा करताना आधी तारखा जुळवा. बनावट कागद शिक्क्यापेक्षा तारखांत जास्त पकडला जातो. बी.कॉम.चा अंतिम निकाल जून २०११ चा आणि तीन वर्षांच्या एलएलबीचा प्रवेश २०१० चा, असे दिसले की प्रश्न उभा राहतो. मात्र एटीकेटी (विषय राहूनही पुढच्या वर्षात प्रवेश), पुनर्मूल्यांकन किंवा राखून ठेवलेला निकाल यांमुळेही गुणपत्रिकेची तारीख पुढे जाते. म्हणून एवढ्यावर थांबू नका. आसन क्रमांक, पीआरएन (विद्यार्थ्याचा कायम नोंदणी क्रमांक), परीक्षेचा हंगाम आणि कॉलेजचे नाव मिळेल तेवढे टिपून ठेवा. विद्यापीठाचे नावच अनोळखी असेल, तर यूजीसीची (विद्यापीठ अनुदान आयोगाची) बनावट विद्यापीठांची यादी पाहा. नागपूरचे एक नाव तीत वर्षानुवर्षे आहे.

माहितीच्या अधिकारात विद्यापीठाकडे थेट गुणपत्रिका मागितली की 'वैयक्तिक माहिती' म्हणून नकार येतो. त्यापेक्षा अमुक आसन क्रमांक अमुक हंगामात दिला गेला होता का, एवढेच विचारा. फी १० रुपये. महाराष्ट्रात अर्ज एकाच विषयावर आणि १५० शब्दांत बसवावा लागतो.

खरी पडताळणी मात्र बार कौन्सिलकडूनच करून घ्या. सर्वोच्च न्यायालयाने एप्रिल २०२३ मध्ये विद्यापीठांना अशी पडताळणी विनाशुल्क करून देण्यास सांगितले आहे, त्यामुळे फीची सबब चालत नाही. उत्तर परीक्षा विभागातून, जावक क्रमांकासह, थेट कौन्सिलच्या कार्यालयात यायला हवे. वकिलाने स्वतः आणून दिलेले पडताळणीपत्र स्वीकारू नये, अशी विनंती अर्जातच लिहा. पदवी बनावट करणाऱ्याला एक पत्र बनवणे अवघड नसते.

अर्ज सहीचा हवा, शेवटी दिवाणी दाव्यासारखे सत्यापन (मजकूर खरा असल्याचे सहीचे निवेदन) हवे. मराठी ही राज्यभाषा असल्याने महाराष्ट्रात तो मराठीतही चालतो. विहित फी भरा, जोडपत्रांना क्रमांक द्या, पोच घ्या. निनावी अर्जावर विसंबू नका. 'खात्रीलायक समजते' असली वाक्ये टाळा. प्रत्येक आरोपासमोर जोडपत्राचा क्रमांक लिहा.

कलम ३५ ची चौकशी सुरू झाली की समिती वकिलाला आणि राज्याच्या महाधिवक्त्यांना (सरकारच्या सर्वोच्च विधी अधिकाऱ्यांना) नोटीस काढते. समिती तीन सदस्यांची. तारीख एखादा सदस्य नसतानाही चालते, पण अंतिम आदेशाला तिघे हजर लागतात, आणि तारखा वाया जातात त्या बऱ्याचदा इथे. तक्रार मिळाल्यापासून एक वर्षात निकाल झाला नाही, तर कलम ३६ब नुसार प्रकरण भारतीय बार कौन्सिलकडे जाते. वर्ष भरले की तसा लेखी अर्ज द्या, आपोआप हलेल असे धरू नका. समिती समज देऊ शकते, सनद निलंबित करू शकते किंवा नाव पटावरून काढू शकते. राज्य समितीच्या आदेशावर ६० दिवसांत भारतीय बार कौन्सिलकडे, तिथून पुन्हा ६० दिवसांत सर्वोच्च न्यायालयात अपील करता येते. मध्येच तडजोड झाली, तक्रारदाराने अर्ज मागे घेतला, तरी केवळ तेवढ्यावरून चौकशी बंद करता येत नाही. दबाव आणणाऱ्याला हे सांगून ठेवावे.

फौजदारी फिर्याद वेगळी. १ जुलै २०२४ आधीच्या कृत्याला भारतीय दंड संहितेची ४२०, ४६८, ४७१ ही कलमे, नंतरच्याला भारतीय न्याय संहितेची ३१८, ३३६, ३४०. पोलिसांत जाण्याआधी विद्यापीठाचे उत्तर हाती असू द्या. त्याशिवाय ठाण्यात 'बार कौन्सिलकडे जा' असेच ऐकायला मिळते. ज्याला वकिली करण्याचा हक्कच नाही त्याने ती केली, तर अधिवक्ता अधिनियमाच्या कलम ४५ नुसार सहा महिन्यांपर्यंत कैद आहे.

तुम्ही त्याचे पक्षकार असाल तर निकालाची वाट पाहत बसू नका. फाइल, मूळ दस्तऐवज आणि पावत्या परत घ्या, दुसऱ्या वकिलाचे वकीलपत्र दाखल करा आणि पुढची तारीख स्वतः तपासा.