माइनक्राफ्टमध्ये हेरोब्राईन आणताय? या चुका टाळा

हेरोब्राईन म्हणजे पांढऱ्या डोळ्यांचं, भुतासारखं एक पात्र. ब्लॉकांनी जग बांधायच्या माइनक्राफ्ट या गेममध्ये मुळात तो नाही आणि कधीच नव्हता. हे सुरुवातीलाच सांगतो, कारण अनेकांचा निम्मा वेळ इथेच वाया जातो. मुलं सोन्याचे नऊ ब्लॉक मांडतात, मधोमध शेवाळलेला कॉबलस्टोन, त्यावर नेदररॅक, भोवती रेडस्टोन टॉर्च. मग नेदररॅक पेटवून रात्रभर वाट बघतात. काही घडत नाही, कारण घडवून आणणारा कोडच गेममध्ये नाही. 'मॉडशिवाय हेरोब्राईन बोलावला' असं सांगणाऱ्या व्हिडिओत मॉड (गेममध्ये बदल करणारी बाहेरची फाइल) असतो, नाहीतर हेरोब्राईनची स्किन, म्हणजे बाह्यरूप, घातलेला मित्र असतो.

मूळ गोष्ट २०१० सालची. इंटरनेटवर एक छोटी भयकथा आणि तिच्यासोबत एक स्क्रीनशॉट फिरायला लागला. धुक्यात उभी एक आकृती, गेममधल्या नेहमीच्या पात्रासारखी, हुबेहूब स्टीव्हसारखी, पण डोळे नुसते पांढरे. कथेतला खेळाडू एकटाच खेळतोय, तरी त्याला कुणीतरी खोदलेले दोन बाय दोनचे बोगदे सापडतात, समुद्रात वाळूचे छोटे पिरॅमिड दिसतात, पानं ओरबाडलेली झाडं दिसतात. पुढे एका लाइव्ह स्ट्रीममध्येही तो 'दिसला'. ती टेक्श्चर (वस्तूंवरची चित्रं) बदलून केलेली करामत होती. माइनक्राफ्ट बनवणाऱ्या मोजांगने २०११ मध्ये बीटा १.६.६ च्या बदलांच्या यादीत 'हेरोब्राईन काढून टाकला' अशी ओळ गमतीने टाकली आणि नंतरच्या कित्येक अपडेटमध्ये तीच ओळ पुन्हा लिहिली. ती वाचून 'म्हणजे आधी होताच की' असं मानणारे आजही भेटतात. जानेवारी २०२१ मध्ये माइनक्राफ्ट अ‍ॅट होम या हौशी मंडळींच्या प्रकल्पाने त्या पहिल्या स्क्रीनशॉटच्या वर्ल्डचं सीड (ज्यावरून ते वर्ल्ड तयार होतं तो आकडा) शोधून काढलं. अल्फा या सुरुवातीच्या टप्प्यातल्या जुन्या आवृत्तीत ते सीड टाकलं की नेमकं त्या जागी जाऊन उभं राहता येतं. जागा तीच, हेरोब्राईन तेवढा नाही.

म्हणजे तो हवा असेल तर आपणच आणायचा. मॉडने, अ‍ॅड-ऑनने (बेडरॉक आवृत्तीत घालायची भर), नाहीतर डेटा पॅकने (जावा आवृत्तीत घालायचा कमांडचा संच). आणि गाडी अडते ती बहुतेक वेळा पुढच्या ठिकाणी.

जावा आणि बेडरॉक यांची सरमिसळ

जावा आणि बेडरॉक या माइनक्राफ्टच्या दोन वेगळ्या आवृत्त्या. मोबाइलवर चालतं ते बेडरॉक. संगणकावर जावा आणि बेडरॉक दोन्ही चालतात, आणि आपल्याकडे कुठलं आहे हे पुष्कळांनी कधी पाहिलेलंच नसतं. 'डॉट जार' फाइल जावासाठी असते. ती फोनमध्ये उतरवून काहीही होणार नाही. 'डॉट एमसीअ‍ॅडऑन' आणि 'डॉट एमसीपॅक' बेडरॉकसाठी. त्या जावाच्या मॉड्स फोल्डरमध्ये टाकून उपयोग नाही. एकीचं दुसरीत 'कन्व्हर्ट' करून देणाऱ्या साइटच्या नादी लागू नका. दोन्हींची रचना मुळातच वेगळी आहे.

इथेच एक सावधगिरीची गोष्ट. हेरोब्राईनच्या नावावर ढीगभर बनावट फाइली फिरतात. अ‍ॅड-ऑन म्हणून उतरवायला गेलात आणि हातात 'डॉट एपीके' किंवा 'डॉट ईएक्सई' आली, तर ती इन्स्टॉल करू नका, लगेच डिलीट करा. हेरोब्राईन शोधणारी बहुतेक मुलं दहा-बारा वर्षांची असतात आणि फोन आईबाबांचा असतो. त्या फोनमध्ये बँकेचं अ‍ॅपही असतं. म्हणून मॉड मॉडरिंथ किंवा कर्सफोर्जसारख्या ओळखीच्या ठिकाणांवरूनच घ्या.

जावावर: लोडर, आवृत्ती आणि विसरलेली फाइल

मॉड एकटा चालत नाही. त्याला फॅब्रिक, फोर्ज किंवा निओफोर्ज यांपैकी एक लोडर (मॉड गेमला जोडणारा प्रोग्राम) लागतो, आणि मॉड ज्या लोडरसाठी लिहिलाय तोच लागतो. आवृत्तीही तंतोतंत जुळावी लागते. १.२०.१ चा मॉड १.२१ वर टाकला तर बहुधा गेम उघडणारच नाही. 'जवळपास तीच आवृत्ती आहे, चालून जाईल' हा हिशेब इथे लागू पडत नाही.

फॅब्रिकवाल्यांची नेहमीची चूक म्हणजे फॅब्रिक एपीआय न टाकणं. लोडर बसवला, मॉड टाकला, तरी गेम सुरू होताच लाल अक्षरांत तक्रार येते. एपीआय ही स्वतंत्र जार फाइल आहे, तीही मॉड्स फोल्डरमध्येच जाते. मॉडच्या पानावर 'डिपेंडन्सीज' असा भाग असतो. तिथे आणखी काही नावं असतील तर त्या फाइलीही हव्यात.

लोडर बसवणाऱ्या इन्स्टॉलरची जार फाइल डबल-क्लिक केली की विनरार उघडतं, अशी तक्रार वारंवार येते. त्यात फाइलचा दोष नसतो. संगणकावर जावा (इथे गेमची आवृत्ती नव्हे, त्याच नावाचं सॉफ्टवेअर) बसवलेलं नसतं, किंवा जार फाइली उघडण्याचं काम विनरारने स्वतःकडे घेतलेलं असतं. गेमचा अधिकृत लाँचर आपल्यापुरतं जावा घेऊन येतो, म्हणून गेम चालतो, पण इन्स्टॉलरला संगणकावरचं जावा लागतं. स्वतःचा सर्व्हर चालवणाऱ्यांनी आणखी एक बघावं: १.१८ पासून जावा १७ लागतं, १.२०.५ पासून जावा २१. आणि हेरोब्राईनसारखा नवा जीव आणणारा मॉड सर्व्हरवर असेल, तर तो खेळणाऱ्या प्रत्येकाकडेही हवा. रेल्म्सवर, म्हणजे मोजांगच्या भाड्याच्या सर्व्हरवर, जावाचे मॉड चालत नाहीत, डेटा पॅक मात्र चालतो.

बेडरॉकवर: फाइल आली, पण हेरोब्राईन कुठाय?

फोनचा ब्राउझर कधी कधी फाइलच्या नावामागे आपणहून 'डॉट झिप' चिकटवतो. मग ती माइनक्राफ्टमध्ये उघडत नाही. नाव बदलून शेवट 'डॉट एमसीअ‍ॅडऑन' करा, पुरे. आतून ती झिपच असते.

इम्पोर्ट झाल्याचा निरोप दिसला म्हणजे काम झालं असं नाही. वर्ल्डच्या सेटिंगमध्ये जाऊन बिहेव्हियर पॅक (जीवाचं वागणं) आणि रिसोर्स पॅक (त्याचं रूप) दोन्ही चालू करावे लागतात. नुसता रिसोर्स पॅक लावला तर कातडं आलं, जीव आला नाही. नुसता बिहेव्हियर पॅक लावला तर जीव आला, पण दिसत नाही. जमिनीवर नुसती सावली फिरताना दिसली, तर भुताटकी समजू नका. रिसोर्स पॅक राहिलाय.

अ‍ॅड-ऑनला 'एक्सपेरिमेंट्स'मधलं एखादं बटण लागत असेल, तर ते चालू केल्यावर त्या वर्ल्डमध्ये अचिव्हमेंट मिळणं बंद होतं. म्हणून जिवापाड जपलेल्या वर्ल्डवर पहिला प्रयोग करू नका. आधी नवं वर्ल्ड काढा, तिथे तासभर खेळून बघा, मग ठरवा.

स्वतः बनवताना

माझं मत विचाराल, तर हेरोब्राईन स्वतः बनवण्यात जी मजा आहे ती तयार मॉडमध्ये नाही. बेडरॉकचा अ‍ॅड-ऑन फोनवरही लिहिता येतो. फक्त काही जागी डोळ्यांत तेल घालून बघावं लागतं.

मॅनिफेस्ट, म्हणजे पॅकची ओळख सांगणाऱ्या फाइलमधले यूयूआयडी (ओळख क्रमांक) कुणाच्या पॅकमधून जसेच्या तसे उचलू नका. दोन पॅकचे, प्रत्येकी दोन धरून, चारही यूयूआयडी वेगवेगळे हवेत, नाहीतर 'डुप्लिकेट पॅक' म्हणून गेम फाइल परत करतो. पॅकमध्ये बदल केल्यावर मॅनिफेस्टमधला आवृत्ती क्रमांक वाढवा. तो तोच ठेवलात तर सुधारित पॅकलाही गेम डुप्लिकेट समजतो आणि तुम्ही जुन्याच पॅकमध्ये चुका शोधत बसता. दोन्ही पॅकमध्ये जीवाचं ओळखनाव अक्षरन्अक्षर एकच असायला हवं. एका ठिकाणी 'हेरोब्राईन' आणि दुसऱ्या ठिकाणी स्पेलिंगमध्ये एक अक्षर इकडचं तिकडे, की अदृश्य प्राणी तयार.

डोळ्यांकडे विशेष लक्ष द्या, हेरोब्राईनचं सगळं बळ तिथे आहे. स्टीव्हच्या स्किनमध्ये डोळे पांढरे रंगवले की दिवसा छान दिसतात, पण अंधारात राखाडी पडतात, कारण गेम त्या पांढऱ्या रंगावरही सावली टाकतो. डोळे अंधारात उजळ राहावेत यासाठी कोळी आणि एंडरमनच्या डोळ्यांसारखं 'एमिसिव्ह' मटेरियल वापरावं लागतं. ते टेक्श्चरच्या पारदर्शकतेवर चालतं, त्यामुळे चित्र पीएनजीतच सेव्ह करा. जेपीजीत पारदर्शकता उरत नाही.

जावावर मॉड न लिहिता डेटा पॅकनेही बरंच साधतं. १.२१.९ पासून मॅनिकिन नावाची, खेळाडूच्याच बांध्याची एंटिटी (गेममधली हलती आकृती) आली आहे. कमांडने ती उभी करता येते, हवी ती स्किन देता येते. डोक्यावर येणारा मजकूर लपवायला मात्र विसरू नका. डेटा पॅक यादीत दिसत नसेल किंवा दिसूनही चालत नसेल, तर तीन गोष्टी तपासा. झिप उघडल्यावर पॅकची माहिती देणारी 'पॅक.एमसीमेटा' ही फाइल समोरच दिसते, की आत आणखी एक फोल्डर आहे? ती समोरच हवी. दुसरं, विंडोज एक्स्टेन्शन लपवतं, त्यामुळे नोटपॅडमध्ये बनवलेली फाइल खरं तर 'पॅक.एमसीमेटा.टीएक्सटी' असू शकते. तिसरं कारण थोडं वेगळं दिसतं: पॅक यादीत येतो, पण फंक्शन (कमांड लिहिलेली फाइल) सापडत नाही. १.२१ मध्ये 'फंक्शन्स' फोल्डरचं नाव बदलून 'फंक्शन' असं एकवचनी झालं. जुने धडे बघून लिहिलेले पॅक इथे हमखास आपटतात.

तो येतो, पण भीती वाटत नाही

सगळं तांत्रिक जुळलं तरी ही चूक उरते, आणि मला ती सगळ्यात मोठी वाटते. बहुतेक मॉडमध्ये हेरोब्राईन म्हणजे शंभर-दोनशे हार्ट्सचा, विजा पाडणारा, तलवार घेऊन धावणारा बॉस. दुसऱ्यांदा भेटला की त्याचं काही वाटत नाही. मूळ कथेत तो हल्ला करत नाही. उभा राहतो, बघतो, धुक्यात निघून जातो. खेळाडूला नक्की काही दिसलं की भास झाला हे ठरवता येऊ नये, यातच त्याचा जीव आहे.

म्हणून तो अगदी क्वचित येऊ द्या. दर टिकला, म्हणजे गेमच्या प्रत्येक ठोक्याला, फासा टाकू नका. जावावर 'शेड्यूल' कमांडने काही मिनिटांच्या अंतराने एकदा टाका आणि शक्यता कमीच ठेवा. त्याने गेमही अडखळत नाही. अंतर साधारण तीस-चाळीस ब्लॉकचं बरं. फोनवर सिम्युलेशन अंतर (खेळाडूभोवती जिथवर जग चालू राहतं ते) चार चंक, म्हणजे चौसष्ट ब्लॉक असेल, तर त्यापलीकडे बोलावलेला हेरोब्राईन येतच नाही आणि माणूस कमांडमध्ये चूक शोधत बसतो. बेडरॉकवर 'फॉग' कमांडने धुकं दाट करता येतं. जावावर रेंडर डिस्टन्स (किती लांबचं दिसावं ते अंतर) कमी केलं तरी जुन्या अल्फाची आठवण येईल इतपत परिणाम मिळतो.

आणि त्याला नाहीसा करताना 'किल' कमांड वापरू नका. किल केलं की तो लाल होऊन आडवा पडतो आणि पांढऱ्या धुराचा भपका निघतो. मेलेल्या कोंबडीसारखा हेरोब्राईन कुणाला बघायचाय? बेडरॉकवर 'इन्स्टंट डिस्पॉन' हा घटक त्यासाठीच आहे. जावावर त्याला जमिनीखाली खूप खोल, वर्ल्डच्या तळाच्याही खाली टेलिपोर्ट करा. जे काही व्हायचं ते तिथे, नजरेआड होईल.

त्याच्या खुणा मागे ठेवायच्या असतील, म्हणजे बोगदे किंवा बिनपानांची झाडं, तर 'फिल' कमांड जपून चालवा. सरसकट 'हवा' भरलीत तर बोगदा कुणाच्या तरी घरातून, पेट्यांमधून आरपार जाईल. 'रिप्लेस' वापरून फक्त नैसर्गिक दगड काढा. घरं सहसा कॉबलस्टोनची किंवा लाकडाची असतात, ती वाचतात. झाडांची फक्त पानं काढायला जावावर पानांचा टॅग (सगळ्या प्रकारच्या पानांसाठी एकच नाव) आहे. धाकट्या भावंडाने महिनाभर खपून बांधलेलं घर हेरोब्राईनच्या नावाखाली पाडणं ही गंमत नव्हे.

काहीच चालत नसेल तेव्हा

काहीही करण्याआधी वर्ल्डची प्रत काढा. जावावर 'सेव्ह्ज' फोल्डरमधलं वर्ल्ड कॉपी करा, बेडरॉकवर वर्ल्डच्या सेटिंगमधून एक्स्पोर्ट करा. मॉड काढून टाकल्यावर त्याचे ब्लॉक आणि जीव वर्ल्डमधून जातात, मॉड पुन्हा टाकला म्हणून परत येत नाहीत.

जीव यायला हवा पण येत नसेल, तर खेळ पीसफुल या सर्वात सोप्या पातळीवर नाही ना ते बघा. तिथे राक्षस गटातले जीव टिकत नाहीत. आपोआप येणारा हेरोब्राईन असेल तर जीव निर्माण होण्याचा गेमरूल बंद नाही ना, हेही पाहा. बेडरॉकवर 'समन' केल्यावर नकार आला, तर जीवाच्या फाइलमध्ये समन करण्याची परवानगी 'ट्रू' आहे का ते तपासा.

मग लॉग, म्हणजे गेमने स्वतः ठेवलेली नोंद. बेडरॉकच्या सेटिंगमध्ये 'क्रिएटर' विभागात कंटेंट लॉग चालू केला की कुठल्या फाइलमध्ये काय चुकलं ते पडद्यावरच येतं. पुष्कळदा एक स्वल्पविराम कमी किंवा जास्त निघतो. जावावर 'लॉग्ज' फोल्डरमधली 'लेटेस्ट.लॉग' उघडा, शेवटाकडून वर वाचत या आणि 'कॉज्ड बाय' हे शब्द शोधा. त्या ओळीत किंवा तिच्या आसपास बहुतेक वेळा मॉडचं नाव असतं. कुणाची मदत मागायची असेल तर 'चालत नाही' एवढंच न लिहिता ती ओळ, गेमची आवृत्ती, लोडरचं नाव आणि मॉडची यादी द्या.