खेकड्याचे पाय घरी वाफवताना

अमेरिकेत किंवा कॅनडात राहायला आलेल्या मराठी माणसाला बाजारात खेकडा दिसतो, पण तो त्याच्या ओळखीचा नसतो. आपली चिंबोरी टोपलीत जिवंत असते, तिच्या नांग्या सुतळीने बांधलेल्या असतात आणि घेणारा ती हातात धरून जड आहे की पोकळ याचा अंदाज घेतो. इथे मात्र फ्रीजरच्या कप्प्यात नुसते लांबलचक, लालकेशरी पाय रचून ठेवलेले असतात. त्या रंगाकडे आधी नीट पाहावे, कारण सगळी कृती त्यावरच ठरते. खेकड्याच्या कवचात ॲस्टाझॅन्थिन नावाचे लाल रंगद्रव्य असते. जिवंतपणी ते एका प्रथिनाला बांधलेले असल्यामुळे कवच हिरवट किंवा मळकट तपकिरी दिसते आणि उष्णतेने ते प्रथिन मोडले की दडलेला लाल रंग उघडा पडतो. म्हणजेच दुकानातले ते लाल पाय एकदा शिजलेले आहेत, आणि घरी आपल्याला ते शिजवायचे नसून फक्त वाफेवर गरम करायचे आहेत.

ही गोष्ट ठाऊक नसल्यामुळे मी पहिल्या वेळी आणलेले पाय चिंबोरीच्या हिशेबाने वीस मिनिटे वाफेवर ठेवले होते. कवच उघडले तेव्हा मांस आत चिकटून बसले होते, त्याचे दोरे निघत होते आणि गोडवा खालच्या पाण्यात उतरला होता. एवढे महागाचे जिन्नस असे वाया जाऊ नये, म्हणून ही कृती तपशिलाने लिहीत आहे.

पाय शिजवूनच का विकतात, याचे कारण कोकणातल्या कोणालाही लगेच पटेल. मेलेली चिंबोरी आपल्याकडे जाणते गिऱ्हाईक घेत नाही, कारण खेकडा मेला की त्याच्या शरीरातली पाचक द्रव्ये आणि जंतू मिळून मांस फार लवकर सैल व खराब करतात. अलास्काच्या बोटींवरही पकडलेले खेकडे समुद्राच्या पाण्याच्या टाक्यांत जिवंत ठेवून किनाऱ्यावर आणतात. तिथल्या कारखान्यात ते कापून, उकळून लगेच गोठवतात. गोठवण्यासाठी बहुधा थंडगार खारे पाणी वापरतात, त्यामुळे या पायांत मीठ आधीच पुरेसे असते.

बाजारात मुख्यतः दोन प्रकार मिळतात. स्नो क्रॅबचे पाय बारीक, गुळगुळीत आणि पातळ कवचाचे असतात. ते एका बाजूचे चार पाय, एक नांगी आणि त्यांना जोडणारा खांद्याचा भाग अशा जुडीने विकले जातात, आणि या जुडीला इथे क्लस्टर म्हणतात. मांस गोडसर आणि धाग्याधाग्यांचे असते. किंग क्रॅबचे पाय मनगटाएवढे जाड आणि काटेरी असतात, त्यांत मांसाचे मोठे सलग तुकडे निघतात आणि किंमतही त्याच मानाने चढी असते. प्राणिशास्त्राच्या दृष्टीने किंग क्रॅब हा खरा खेकडा नव्हे. रिकाम्या शंखात घर करून राहणाऱ्या खेकड्यांचा तो जवळचा नातलग आहे, आणि म्हणूनच त्याच्या प्रत्येक बाजूला नांगी सोडून तीनच मोठे पाय दिसतात. पहिल्यांदा करणाऱ्याने स्नो क्रॅब घ्यावा, असे माझे मत आहे. तो स्वस्त पडतो, त्याचे कवच हातानेही मोडते आणि चूक झालीच तर नुकसान कमी होते.

पाकिटावर तो कुठला आहे हे लिहिलेले असते, तेही वाचावे. बेरिंग समुद्रातील स्नो क्रॅबची संख्या एका मोठ्या सागरी उष्णतेच्या लाटेनंतर इतकी कोसळली, की अलास्काने २०२२-२३ चा तिथला हंगाम इतिहासात प्रथमच बंद ठेवला. आज दुकानात दिसणारा बराचसा स्नो क्रॅब कॅनडाच्या पूर्व किनाऱ्यावरचा, विशेषतः न्यूफाउंडलंडकडचा असतो आणि तो उत्तम असतो.

घेताना पाय सगळीकडून बर्फाच्या पातळ, पारदर्शक थराने झाकलेले असावेत. तो थर मांस सुकू देत नाही, मात्र तो जाड असेल तर आपण खेकड्याच्या भावाने बर्फ घेत असतो, म्हणून बर्फाशिवायचे निव्वळ वजन पाहावे. खांद्याच्या उघड्या मांसावर पांढरे, कोरडे, कापसासारखे डाग असतील तर ते पाकीट सोडून द्यावे. कवचावर काळे ठिपके दिसले तर मात्र घाबरू नये. स्नो क्रॅबच्या कवचावर समुद्री जळवा अंड्यांचे कोश चिकटवतात, त्यांच्यापासून काही अपाय नसतो. उलट जुने, डागाळलेले कवच म्हणजे खेकड्याने कात टाकून बराच काळ लोटला आहे आणि आत मांस भरलेले असण्याची शक्यता जास्त आहे. नुकतीच कात टाकलेला खेकडा दिसायला स्वच्छ पण आतून पोकळ असतो, हे आपल्याकडचे चिंबोरी पकडणारेही सांगतात. एका माणसाला कवचासह साधारण अर्धा ते पाऊण किलो धरावे. सोबत भात आणि आमटी असेल तर अर्धा किलो पुरते.

आदल्या रात्री पाय एका खोलगट ताटात काढून फ्रीजच्या खालच्या कप्प्यात ठेवावेत. बर्फ सुटून बरेच पाणी निघते, आणि ताट खोलगट नसेल तर ते इतर पदार्थांवर सांडते. आठ ते बारा तासांत ते नीट मोकळे होतात. ऐन वेळी ठरले असेल तर पाय न गळणाऱ्या पिशवीत घालून गार पाण्याच्या धारेखाली अर्धा तास धरावेत, पण गरम पाण्यात किंवा ओट्यावर उघडे मुळीच ठेवू नयेत. एकदा सुटलेले पाय पुन्हा गोठवू नयेत आणि दोन दिवसांच्या आत संपवावेत. बर्फ सुटल्यावर एकदा वास घ्यावा. समुद्राच्या पाण्यासारखा हलका वास ठीक आहे, पण नाकात जाणारा अमोनियासारखा उग्र वास आला तर ते फेकून द्यावेत. वाफवून तो दोष जात नाही.

वाफवण्यासाठी वेगळे भांडे घेण्याची गरज नाही. ज्या घरात उकडीच्या मोदकांसाठी मोदकपात्र आहे, तिथे सगळी सोय आहे, फक्त पाय चाळणीत मावण्यासाठी सांध्यांवर वाकवून किंवा कात्रीने कापून घ्यावे लागतात. मोदकपात्र नसेल तर मोठ्या पातेल्यात उलटी वाटी ठेवून तिच्यावर भोकांची ताटली बसवावी. प्रेशर कुकर वापरायचा झाल्यास शिटी काढून वापरावा, कारण दाबाखाली हे मांस क्षणात निबर होते. तळाशी दोन-अडीच सेंटिमीटर पाणी पुरते आणि ते चाळणीला टेकता कामा नये. पाय थेट पाण्यात बुडवून उकळले तर कापलेल्या खांद्यातून पाणी आत शिरते, कवचातला रस बाहेर जातो आणि ताटात पाणचट मांस येते. वाफेवर हे होत नाही, म्हणूनच हा सगळा खटाटोप. त्या पाण्यात मीठ घालण्यात अर्थ नाही, कारण मीठ वाफेबरोबर वर जात नाही. अनेक जण त्यात तमालपत्र, लिंबाच्या फोडी आणि लसूण घालतात. त्याने स्वयंपाकघराला छान वास येतो, पण कवचाच्या आतल्या मांसाला फारशी चव लागत नाही, असा माझा अनुभव आहे. लसणाची चव हवी असेल तर ती वरून तुपातून द्यावी.

पाणी खळखळून उकळू लागले आणि भरपूर वाफ धरली की मगच पाय चाळणीत मांडावेत. जाड, खांद्याचा भाग खाली आणि बारीक टोके वर अशी मांडणी करावी, फार दाटी करू नये, आणि घट्ट झाकण ठेवून आच मध्यम मोठी करावी. वेळ झाकण ठेवल्यापासून मोजावी. बर्फ सुटलेल्या स्नो क्रॅबला पाच ते सहा मिनिटे आणि किंग क्रॅबला सात ते आठ मिनिटे लागतात. गोठलेलेच पाय ठेवावे लागले तर या वेळा जवळजवळ दुप्पट होतात आणि मांस सगळीकडे सारखे गरम होत नाही, म्हणून तो मार्ग शक्यतो टाळावा. डेन्व्हरसारख्या सुमारे १,६०० मीटर उंचीवरच्या गावात पाणी ९५ अंश सेल्सिअसच्या आसपासच उकळते, तेव्हा तिथे एखादे मिनिट जास्त द्यावे. मध्येच झाकण उघडून पाहू नये. वेळ झाली की सर्वांत जाड सांधा मोडून पाहावा. आतून वाफ निघाली आणि मांस बोटाला चांगले गरम लागले की काम झाले. लगेच चाळणी उतरवावी, कारण आच बंद केली तरी झाकलेल्या भांड्यात शिजणे चालूच राहते.

क्वचित दुकानात कच्चे पायही मिळतात. त्यांचे मांस काचेसारखे अर्धपारदर्शक दिसते आणि पाकिटावर तसे लिहिलेले असते. ते मात्र खरोखर शिजवावे लागतात: मांस पांढरे, अपारदर्शक होऊन आतले तापमान ६३ अंश सेल्सिअसपर्यंत पोहोचले पाहिजे.

स्नो क्रॅबचा पाय सांध्याजवळ एकदा पुढे व एकदा मागे वाकवून हळूच ओढला, तर सांध्याला जोडलेली पांढरी, चपटी पट्टी बाहेर येते आणि तिच्यामागे मांसाचा आख्खा तुकडा सुटतो. ही युक्ती दोन-तीन पायांत हाताला बसते. किंग क्रॅबचे काटे बोटांत रुततात, म्हणून तो जाड फडक्याने धरावा आणि फिकट, मऊ बाजूने कात्रीने उभा कापावा. नांगीवर बत्त्याचा एक हलका ठोका पुरतो. जोरात ठेचल्यास कवचाचे कण मांसात मिसळतात.

इथे या पायांसोबत वितळवून निवळलेले लोणी देतात. आपल्या साजूक तुपाचा तो सख्खा भाऊ. तूप थोडे जास्त कढवलेले असल्यामुळे त्याला खमंग वास असतो आणि मला तेच अधिक आवडते. चार चमचे तुपात ठेचलेल्या दोन लसूण पाकळ्या मंद आचेवर लालसर होऊ न देता परतून, खाली उतरवल्यावर अर्धे लिंबू पिळले की पुरे. मसाल्याचा भार या मांसाला सोसत नाही. चिंबोरीच्या तिखट रश्श्याची सवय असलेल्यांना पहिला घास सपक वाटेल, पण दुसऱ्या-तिसऱ्या घासाला त्याचा गोडवा कळू लागतो.

पाहुणे येणार असतील तर कोणाला कोळंबी किंवा खेकडा चालत नाही, हे आधी विचारून घ्यावे. ही ॲलर्जी जिवावर बेतू शकते, मांस शिजवल्याने ती टळत नाही, आणि काही जणांना नुसत्या वाफेनेही त्रास होतो.

उरलेले मांस कवचातून काढून दोन तासांच्या आत झाकून फ्रीजमध्ये ठेवावे. कवचेही टाकू नयेत. कोकणात चिंबोरीचे बारीक पाय वाटून त्यांचा रस गाळून कालवणात घालतात. ही कवचे मात्र शिजलेली आणि कठीण असल्यामुळे मिक्सरमध्ये घालू नयेत. ती कात्रीने कापून, बुडेल एवढ्या पाण्यात अर्धा तास मंद उकळावीत आणि पाणी दुहेरी फडक्यातून गाळावे. त्या पाण्यात भाजलेल्या कांदा-खोबऱ्याचे वाटण, थोडा मालवणी मसाला आणि तीन-चार आमसुले घालून एक उकळी आणावी, उरलेले मांस अगदी शेवटी सोडावे आणि मीठ चव पाहूनच घालावे.