फायनान्सचा प्रोफेसर आणि पुढे बी-स्कूलचा डीन व्हायचं असेल तर सुरुवात कुठून करायची

फायनान्समधे प्रोफेसर व्हायचंय असं म्हणणारी मुलं हल्ली माझ्याकडे बरीच येतात, आणि त्यातल्या बऱ्याच जणांचा प्लॅन ठरलेला असतो की आधी भारी कॉलेजातून एमबीए, मग दहा वर्षं बँकेत, मग शिकवायला जायचं. तसं जाऊन गेस्ट लेक्चर घेता येतात, काही ठिकाणी प्रॅक्टिस प्रोफेसर म्हणूनही घेतात, पण अमेरिकेत टेन्युअर ट्रॅकवर (म्हणजे काही वर्षं काम बघून कायम करतात त्या जागेवर) किंवा आपल्याकडे आयआयएममधे कायमचं लागायचं तर पीएचडी पाहिजे आणि पीएचडीला एमबीए कंपल्सरी नाही. हे बीएस्सी किंवा बीकॉमला असतानाच कळलं तर चार-पाच वर्षं वाचतात, म्हणून एवढं सविस्तर लिहितोय.

सगळ्यात आधी गणित. पीएचडीचं पहिलं वर्ष म्हणजे फायनान्स कमी आणि मायक्रोइकॉनॉमिक्स, इकॉनोमेट्रिक्स (अर्थशास्त्रातलं स्टॅटिस्टिक्स), प्रोबॅबिलिटी जास्त, आणि मी एमकॉम करून गेलेलो त्यामुळे रिअल अ‍ॅनालिसिस (कॅल्क्युलसच्या मागचं प्रूफवालं गणित) कधी बघितलंच नव्हतं, पहिल्या सेमिस्टरला जे हाल झाले ते कोणाचे होऊ नयेत. लिनिअर अ‍ॅल्जिब्रा, प्रोबॅबिलिटी, रिअल अ‍ॅनालिसिस हे तीन विषय आधीच करून ठेवा, आणि नुसते व्हिडिओ बघून नाही, वहीत प्रूफ लिहून. उदाहरण घ्यायचं तर रघु सुंदरम बघा. आयआयएम अहमदाबादला एमबीए केलं खरं, पण पुढे अमेरिकेत कॉर्नेलला इकॉनॉमिक्समधे पीएचडी, मग रोचेस्टर युनिव्हर्सिटीत शिकवलं, 1996 ला न्यूयॉर्क युनिव्हर्सिटीच्या स्टर्न या बिझनेस स्कूलला आले आणि 2018 ला तिथेच डीन, म्हणजे स्कूलचे प्रमुख, झाले. या माणसाने आधी ऑप्टिमायझेशन थिअरीवर, म्हणजे शुद्ध गणितावर, पाठ्यपुस्तक लिहिलंय, डेरिव्हेटिव्हज या फायनान्सच्या विषयावरचं नंतर. म्हणजे पाया गणिताचा.

महाराष्ट्रातच राहून पाया पक्का करायचा असेल तर गोरेगावची आयजीआयडीआर (इंदिरा गांधी विकास संशोधन संस्था), जी रिझर्व्ह बँकेने 1987 ला काढली, किंवा पुण्याची गोखले इन्स्टिट्यूट, इथलं इकॉनॉमिक्सचं मास्टर्स मला एमबीएपेक्षा कितीतरी उपयोगाचं वाटतं. आयआयएममधूनही पीएचडी होते, आधी त्याला फेलो प्रोग्राम म्हणायचे आणि डिग्री मिळायची नाही, 2017 च्या कायद्यानंतर डिग्री देता येते. फी भरावी लागत नाही, वर स्टायपेंड मिळतो, ही गोष्ट घरच्यांना नीट समजावून सांगा कारण पीएचडी म्हटलं की आईबाबांना आधी लोन दिसतं. अमेरिकेतल्या चांगल्या फायनान्स पीएचडीतही साधारण तसंच असतं.

अमेरिकेचं अ‍ॅप्लिकेशन डिसेंबर-जानेवारीपर्यंत जातं आणि ऑफर आली तर बहुतेक ठिकाणी 15 एप्रिलपर्यंत उत्तर द्यायचं असतं. एकेका डिपार्टमेंटला वर्षाला हाताच्या बोटांवर मोजण्याइतकी मुलं घेतात, त्यामुळे जीआरई या प्रवेश परीक्षेच्या स्कोअरपेक्षा शिफारसपत्र जड ठरतं, आणि ते पत्र अशा माणसाचं पाहिजे ज्याच्याबरोबर तुम्ही खरंच रिसर्च केलाय. प्रिन्सिपॉलसरांचं "हुशार आणि होतकरू विद्यार्थी" छापाचं पत्र काही कामाचं नाही. एखाद्या प्रोफेसरकडे वर्ष-दोन वर्षं रिसर्च असिस्टंट म्हणून राहा, स्टाटा किंवा पायथॉनमधे डेटा साफ करा, क्रिस्प (शेअरच्या किमतींचा) आणि कॉम्प्युस्टॅट (कंपन्यांच्या हिशोबांचा) हे दोन डेटाबेस हाताळायला मिळाले तर सोन्याहून पिवळं.

पीएचडीला लागलात की पुढची पाच-सहा वर्षं एका रिसर्च पेपरसाठी असतात, त्याला जॉब मार्केट पेपर म्हणतात, त्यावरच पहिली नोकरी लागते. इंटरव्ह्यू जानेवारीच्या आसपास, मग फ्लायआऊट, म्हणजे कॉलेज तुम्हाला बोलावून घेतं आणि तुम्ही अख्ख्या डिपार्टमेंटसमोर दीड तास सेमिनार देता आणि दुसऱ्या स्लाइडलाच कोणीतरी अडवतो. याची प्रॅक्टिस मित्रांसमोर किमान दहा वेळा करा. नोकरी लागल्यावर टेन्युअरसाठी सहा-सात वर्षं मिळतात, आणि फायनान्समधे मोजतात ते मुख्यतः तीन जर्नल: जर्नल ऑफ फायनान्स, जर्नल ऑफ फायनान्शियल इकॉनॉमिक्स आणि रिव्ह्यू ऑफ फायनान्शियल स्टडीज. एक पेपर छापून यायला तीन-चार वर्षं सहज जातात, म्हणून एकाच वेळी चार-पाच पेपर वेगवेगळ्या टप्प्यावर चालू पाहिजेत. रिजेक्शन आलं की दोन दिवस वाईट वाटून घ्या, तिसऱ्या दिवशी रेफरीचा, म्हणजे जर्नलसाठी पेपर तपासणाऱ्याचा, रिपोर्ट परत वाचायला बसा, तो बहुतेक वेळा बरोबर असतो.

आता डीन. या पदाचं स्वप्न पंचविशीत बघू नका, तिथपर्यंत जायला खूप वर्षं लागतात. ज्यांनी बीटा (शेअरच्या जोखमीचं माप) अनलिव्हर करायचा, म्हणजे त्यातून कर्जाचा परिणाम काढून टाकायचा, फॉर्म्युला पाठ केलाय त्यांना हमाडा हे नाव माहिती असेल, ते रॉबर्ट हमाडा 1966 ला शिकागोला शिकवायला लागले, तो गाजलेला पेपर 1972 चा, आणि डीन झाले 1993 ला. मधे सत्तावीस वर्षं. टेन्युअरच्या आधी कोणी कमिटीचं मोठं काम गळ्यात घालायला आलं तर नम्रपणे नाही म्हणा. फुल प्रोफेसर झाल्यावर मात्र पीएचडी प्रोग्रामचं काम घ्या, मग डिपार्टमेंट हेड, मग असोसिएट किंवा व्हाइस डीन, कारण बजेट कसं बनतं आणि भांडणारे सहकारी कसे सांभाळायचे ते तिथेच शिकायला मिळतं. अमेरिकेत डीन प्रोव्होस्टला (युनिव्हर्सिटीच्या मुख्य शैक्षणिक अधिकाऱ्याला) रिपोर्ट करतो आणि त्याचा खूप वेळ माजी विद्यार्थ्यांकडून देणग्या मिळवण्यात, अ‍ॅक्रेडिटेशनमधे (बाहेरच्या संस्थेकडून मान्यता मिळवण्यात) आणि चांगले प्रोफेसर दुसरीकडे जाऊ नयेत म्हणून त्यांना थांबवण्यात जातो. आपल्या आयआयएममधे सगळ्यात वर डायरेक्टर असतो आणि डीन त्याच्या हाताखाली एकेक विभाग बघतात, त्यामुळे नुसतं पदाचं नाव बघून तुलना करू नका.

डीन असताना स्वतःचा रिसर्च जवळपास बंद पडतो. अर्थतज्ज्ञ ग्लेन हबर्ड न्यूयॉर्कच्या कोलंबिया बिझनेस स्कूलला 2004 ते 2019 अशी पंधरा वर्षं डीन होते आणि नंतर परत प्रोफेसर, म्हणजे शेवटी परत वर्गातच यायचं असतं. म्हणून ऑफर आली की सही करायच्या आधी दोन गोष्टी लेखी घ्या: टर्म संपल्यावर रिसर्चसाठी एक वर्ष पगारी सुट्टी, आणि डीन असतानाही दरवर्षी एक कोर्स शिकवायची मुभा.