नादहिम: आठवणीचा बर्फ दुधाळ का होतो?

नादहिम म्हणजे वाटीच्या नादाने आठवण पाण्यात उमटवून ती बर्फात गोठवण्याची कला. अशा गोठवलेल्या आठवणीत चेहरा स्पष्ट, पण आवाज फाटका येत असेल, तर स्वराला दोष देऊ नका. आधी पाणी तपासा. पाण्यात विरघळलेली हवा गोठताना बुडबुडे होऊन अडकते, बर्फ दुधाळ होतो आणि नाद त्या बुडबुड्यांत विखुरतो.

पाणी दोनदा उकळून, झाकून निववा. काशाची वाटी तीन चतुर्थांशच भरा, कारण पाणी गोठताना साधारण 9 टक्के फुगतं. वाटीच्या बाजू आणि बूड जाड लोकरीत गुंडाळून तोंड उघडं ठेवलं, की बर्फ वरून खाली धरतो आणि हवा तळाशी ढकलली जाते.

स्वर जुळवायचा तो भरलेल्या वाटीवर. रिकाम्या वाटीवर जुळवलेला स्वर पाणी घातल्यावर उतरतो, आणि नवशिक्यांची निम्मी मेहनत इथेच वाया जाते! पाणी 4 अंशांवर आलं की कातडं गुंडाळलेली काठी काठावरून सावकाश फिरवा आणि आठवण मनात धरा. 4 अंशांहून थंड पाणी वरच तरंगतं, आतली हालचाल थांबते, म्हणून ठसा हलत नाही. ठोका मात्र कधीही देऊ नका. बर्फाची कोवळी साय तडकते आणि प्रसंग मधोमध तुटतो.

कडेला सुईसारखे स्फटिक दिसले आणि नाद बद्द झाला, की हात लगेच काढा. पूर्ण गोठल्यावर तळाचा पांढरा थर कोमट सुरीने उतरवा.