चार हजार तासांत शॉर्ट्स धरू नका

यूट्यूबवर चॅनल उघडणं, थंबनेल (व्हिडिओचं मुखचित्र) करणं, एडिटिंग हे तुम्हाला येत असेलच. मला बोलायचंय ते कमाई सुरू होण्याच्या अटींबद्दल, कारण अर्धेअधिक जण तिथेच थकून चॅनल सोडून देतात.

यूट्यूबवर जाहिरातींचा वाटा मिळायला 1,000 सबस्क्रायबर आणि मागच्या 12 महिन्यांत 4,000 तास वॉच टाइम (लोकांनी तुमचे व्हिडिओ पाहण्यात घालवलेला वेळ) लागतो. 2018 पासूनची ही अट सगळ्यांना पाठ असते. पण शॉर्ट्सच्या, म्हणजे छोट्या उभ्या व्हिडिओंच्या, फीडमध्ये लोकांनी घालवलेला वेळ या तासांत धरतच नाहीत. शॉर्ट लाखभर लोकांनी पाहिला तरी तासांच्या खात्यात शून्य. शॉर्ट्सची वाट निराळी आहे: 90 दिवसांत 1 कोटी व्ह्यूज. यूट्यूब स्टुडिओत (चॅनल सांभाळायच्या अ‍ॅपमध्ये) अ‍ॅनॅलिटिक्समध्ये दिसतो तो एकूण वॉच टाइम. कमाईच्या पानावर दिसतात ते अटीत बसणारे तास. मी पहिलाच आकडा बघत राहिले. तो फुगत होता आणि कमाईच्या पानावरची पट्टी जागची हलत नव्हती. शिवाय 12 महिन्यांची खिडकी रोज पुढे सरकते, म्हणजे जुने तास मागून गळत जातात. जुना व्हिडिओ आवडेनासा झाला म्हणून प्रायव्हेट केलात, तर त्याचेही तास गेले. रोज कमाईचंच पान उघडा.

हे कुणी सांगत नाही, कारण शिकवणारे बरेचसे जुन्या काळात अडकलेत. 2012 पर्यंत यूट्यूब व्हिडिओ सुचवताना व्ह्यूजना महत्त्व देत होतं, म्हणून भडक थंबनेल चालायची. मग किती वेळ पाहिलं याला वजन आलं आणि व्हिडिओ लांबले. 2020 मध्ये शॉर्ट्स आले नि पुन्हा सगळं फिरलं. तेव्हा कुठलाही सल्ला ऐकण्याआधी त्याची तारीख बघा. व्हायरल होण्याचा फॉर्म्युला विकणाऱ्या कोर्सला एक रुपयाही देऊ नका. जो स्वतःच्या व्हिडिओचा रिटेन्शन ग्राफ उघडून लोक कुठल्या सेकंदाला उठून गेले ते दाखवतो, त्याच्याकडे शिका.

महागड्या कॅमेऱ्यावाचून अडू नका. यूट्यूबवरचा पहिला व्हिडिओ, एप्रिल 2005 चा, प्राणिसंग्रहालयात घेतलेला साधा 19 सेकंदांचा आहे. तासांची पट्टी सुरुवातीला फार हळू सरकते, सगळ्यांचीच. धीर सोडू नका.

शॉर्ट्सही जरूर टाका, नवीन माणसं तिथूनच येतात. फक्त शॉर्टवर लिंक म्हणून दिसणाऱ्या ‘रिलेटेड व्हिडिओ’च्या जागी तुमचा मोठा व्हिडिओ जोडल्याशिवाय एकही शॉर्ट पब्लिश करू नका.