डिलिव्हरीच्या चार्टवर सूज आणि लघवीत प्रोटीन: ओ१२ चा कोड कसा लावायचा

माझ्याकडं मेडिकल कोडिंग, म्हणजे चार्टवरच्या निदानाला ठरलेला कोड लावायला, शिकायला खानापूर, निपाणीकडनं पोरी येतात, त्यांना बाळंतपणाचा चार्ट आला की हमखास अडायला होतं. त्यातही पायावर सूज आणि लघवीत प्रोटीन दोन्ही लिहिलेलं असलं की मग कोण आर६० (साधी सूज) लावतंय, कोण आर८० (लघवीत प्रोटीन), कोण थेट प्रीएक्लॅम्पसियाच (गरोदरपणात बीपी वाढून होणारा आजार) लावून मोकळं. म्हणून एकदा नीट लिहून काढते. हे सगळं अमेरिकन चार्टचं हाय, म्हणजे आयसीडी-१०-सीएम, निदानांच्या कोडची अमेरिकेत वापरतात ती यादी. डब्ल्यूएचओच्या मूळ आयसीडी-१० मध्ये कोड ओ१२.२ इथंच संपतो, पुढचा आकडा नसतो, तेव्हा दोन्हीची गल्लत करू नका.

आधी बीपी बघा, कोडबुक नंतर उघडा. ओ१२ म्हणजे गरोदरपणामुळं आलेली सूज आणि प्रोटीन, पण हायपरटेन्शन (वाढलेलं बीपी) नसताना, आणि हा शेवटचा शब्दच पोरी वाचत नाहीत. माझ्या आत्तेबहिणीचे पाय आठव्या महिन्यात एवढे सुजलेले की चपलेचा पट्टा बसत नव्हता, घरात सगळे म्हणायचे पोटुशीला असतंच की, पण आशाताई आली की आधी बीपी विचारायची, मग लघवीचा रिपोर्ट, आणि तायी कार्डावर (गरोदर बाईच्या तपासण्यांचं कर्नाटकातलं सरकारी कार्ड) दोन्ही बघितल्याशिवाय हलायची नाही. कोडरनं पण तसंच बघावं असं मला मनापासून वाटतं.

वीस आठवड्यांनंतर बीपी चार तासांच्या अंतरानं दोनदा १४०/९० किंवा वर गेलं असलं तर गोष्ट ओ१३ (गरोदरपणातलं हायपरटेन्शन) नाहीतर ओ१४ (प्रीएक्लॅम्पसिया) कडं जायची शक्यता असते. पण ते ठरवणार डॉक्टर, आपण नाही. लॅबमध्ये चोवीस तासांच्या लघवीत ३०० मिलिग्रॅम प्रोटीन दिसलं म्हणून आपल्या मनानं निदान लावायचं नाही, नर्सच्या नोटमध्ये "पायावर सूज" दिसली म्हणून पण नाही. डॉक्टरनं निदान म्हणून लिहिलेलं पाहिजे. लिहिलेलं नसेल तर क्वेरी, म्हणजे डॉक्टरला लेखी प्रश्न, टाका, आणि क्वेरीत उत्तर सुचवू नका. बीपीचे आकडे, लघवीचा रिपोर्ट, तारीख-वेळ मांडायची आणि विचारायचं की याचा क्लिनिकल अर्थ काय घ्यावा. उत्तर येईपर्यंत चार्ट होल्डवर राहिला तर राहूदे.

आता आकडे. नुसती सूज असली तर ओ१२.०, नुसतं प्रोटीन असलं तर ओ१२.१, दोन्ही असलं तर ओ१२.२. दोन्ही असताना ओ१२.० आणि ओ१२.१ वेगवेगळे लावत बसू नका, त्यासाठीच तर तिसरा दिलाय. पाचवा आकडा वेळेचा: १, २, ३ म्हणजे तिमाही, ४ म्हणजे बाळंतपणात, ५ म्हणजे बाळंतपणानंतर. हे ४ आणि ५ आले १ ऑक्टोबर २०१६ पासून, त्यामुळं जुनं पुस्तक कोणाकडनं मागून घेतलं असेल तर त्यात सापडणारच नाही, आणि कितीतरी जणी तिथंच ३ लावून बसतात. नियम असा की डिलिव्हरी त्याच अ‍ॅडमिशनमध्ये झाली आणि कोडला बाळंतपणाचा पर्याय असला, तर तिमाही नाही, ४ च घ्यायचा.

एक चार्ट धरू. ३८ आठवडे २ दिवस, कळा सुरू होऊन अ‍ॅडमिट, बीपी ११८/७६, नंतर १२२/७८, डॉक्टरची नोट सांगते की गरोदरपणातली सूज, सोबत प्रोटीन्युरिया (लघवीत प्रोटीन). नॉर्मल डिलिव्हरी, एक बाळ, जिवंत. कोड येतो ओ१२.२४, मग आठवड्यांचा झेड३ए.३८, मग बाळाच्या जन्माचा झेड३७.०. इथं ओ८० लावायचा नाही, तो फक्त काहीच कॉम्प्लिकेशन नसलेल्या नॉर्मल डिलिव्हरीला. आर६० आणि आर८० पण नाही, गरोदरपणातली सूज आणि प्रोटीन त्या दोन्हीतनं वगळलेलंच हाय, कोडबुकात त्यांच्याखालची एक्सक्लूड्सची ओळ वाचा. आठवडे मोजताना ३८ आठवडे ६ दिवस असले तरी ३८ च.

आता माझी चूक सांगते, कारण ती कोणाकडनंही होईल. एका कंपनीत नवीन असताना घाईत ओ१२.२४ च्या जागी ओ१४.२४ टाइप झाला. एका आकड्याचा फरक, पण ओ१४.२४ म्हणजे हेल्प सिंड्रोम, ज्यात रक्तातल्या पेशी फुटायला लागतात, लिव्हरवर ताण येतो, प्लेटलेट कमी होतात. साध्या सुजेची बाई माझ्यामुळं कागदावर तेवढी आजारी झाली. ऑडिटमध्ये सापडलं म्हणून बरं, नाहीतर ते तिच्या रेकॉर्डला चिकटलं असतं, पुढच्या बाळंतपणाला डॉक्टर जुनी फाइल बघून घाबरले असते. तेव्हापासून मी कोड टाकला की बाजूला येणारं वर्णन तोंडानं वाचते, आकडा नाही. तिथं "एडिमा विथ प्रोटीन्युरिया", म्हणजे सूज आणि प्रोटीन, आलं तरच पुढं.

डॉक्टरनं प्रीएक्लॅम्पसिया लिहिलंय तर ओ१४ च, सोबत ओ१२ नको. मग डिलिव्हरीच्या अ‍ॅडमिशनला माइल्ड ते मॉडरेट ओ१४.०४, सिव्हियर ओ१४.१४, काहीच सांगितलं नसलं तर ओ१४.९४. आणि प्रोटीन नाही म्हणून प्रीएक्लॅम्पसिया खोडायला जाऊ नका, बीपीबरोबर दुसरे अवयव बिघडलेले असले तर प्रोटीन नसतानाही ते निदान होतं. झटके आले असतील तर ओ१५, कळांच्या वेळी ओ१५.१.

सूज बाळंतपणानंतर पहिल्यांदा आली, म्हणजे घरी जाऊन परत अ‍ॅडमिट झाली आणि अजून सहा आठवडे झाले नाहीत, अशा वेळी शेवटचा आकडा ५. हे सगळे ओ चे कोड फक्त आईच्या रेकॉर्डवर, बाळाच्या चार्टवर एकही नाही. आणि टाइप करताना सुरुवातीला ओ अक्षर असतंय, शून्य दाबलं की सॉफ्टवेअर कोड सापडत नाही म्हणतंय आणि पोरी अर्धा तास पुस्तक शोधत बसतात.